पैसे संपले, पत्रे बाकी : संस्थेच्या प्रकल्पाचा खर्च आणि काम यांचा मेळ कसा ठेवाल?

उमरी, भोकर, धर्माबाद, नायगाव या पट्ट्यातल्या शेतकरी उत्पादक कंपन्या, महिला बचत गटांचे प्रभागसंघ आणि सेवा सोसायट्या यांच्याकडून एकच अडचण वेगवेगळ्या शब्दांत कानावर येते. प्रकल्प अहवालात २४ लाख लिहिले होते, २४ लाख संपले आणि गोदामावर अजून पत्रे नाहीत. कुणाचे अनुदान मोका तपासणीत अडकलेले असते. गुत्तेदार आणखी उचल मागत असतो आणि द्यावी की नाही ते ठरत नसते. सभासद विचारतात, आमच्या पैशाचा हिशेब आम्हाला बघता येतो का?

या सगळ्या प्रश्नांचे मूळ बहुतेक वेळा एकच निघते. संस्था खर्च लिहून ठेवते, पण तेवढ्या खर्चात काम किती झाले ते लिहीत नाही. कीर्द पूर्ण असते, पावत्या फायलीत असतात, लेखापरीक्षणात चूकही निघत नाही; तरी प्रकल्प फसलेला असतो. म्हणून पुढची सगळी चर्चा एका उदाहरणावर करू : सोयाबीन, तूर, हरभरा ठेवण्यासाठी गोदाम आणि सोबत धान्य सफाई-प्रतवारीचे यंत्र, एकूण खर्च २४ लाख, मुदत सहा महिने. आकडे समजावण्यापुरते आहेत. तुमचे काम दूध संकलन केंद्राचे असो, हळद प्रक्रियेचे असो की शाळेच्या दोन खोल्यांचे, रीत हीच लागू पडेल.

प्रकल्प कुठे संपतो ते आधी लिहा

"गोदाम बांधणे" ही प्रकल्पाची व्याख्या पुरेशी नाही. "वीजजोडणीसह गोदाम तयार, यंत्र बसवून आपल्याच सभासदांचे सोयाबीन त्यातून काढून पाहिले, विमा उतरवला, अनुदानाचा प्रस्ताव दाखल केला" असे शेवटचे टोक ठरावात लिहा. हे टोक लिहिले नाही की बांधकामाचे पैसे बांधकामातच संपतात आणि वीजजोडणीसाठी पुन्हा सभासदांपुढे हात पसरावा लागतो.

मोठ्या सरकारी प्रकल्पांचा इतिहास इथे उपयोगी आहे. विदर्भातल्या गोसीखुर्द धरणाचा १९८३ मधला मूळ अंदाज ३७२ कोटींचा होता. पुढे तो १८ हजार कोटींच्या वर गेला. वाढलेले दर हे त्याचे एक कारण होते, पण भूसंपादन, पुनर्वसन आणि कामाचा वाढत गेलेला आवाका यांनीही खर्च फुगवला. आपल्याच नांदेड जिल्ह्यातला मुखेडजवळचा लेंडी प्रकल्प १९८० च्या दशकात सुरू झाला आणि पुनर्वसनाच्या प्रश्नावर दशकानुदशके रखडला. भिंत बांधणे हा या प्रकल्पांचा सर्वांत सोपा भाग होता. अवघड बाबी सुरुवातीच्या हिशेबात पुरेशा धरलेल्या नव्हत्या. शासनाला सुधारित प्रशासकीय मान्यता, म्हणजे बोलीभाषेतली "सुप्रमा", घेऊन पुढे जाता येते. तुमच्या संस्थेला सुप्रमा देणारे कुणी नाही.

अंदाजपत्रकात नेहमी सुटणाऱ्या बाबी

प्रकल्प अहवाल बँकेसाठी आणि अनुदानासाठी लिहिलेला असतो. प्रत्यक्ष काम करण्यासाठी दुसरे, तपशीलवार अंदाजपत्रक हवेच. अहवाल ज्याने लिहिला त्याच्यावर न विसंबता स्थानिक अभियंत्याकडून ते करून घ्या आणि पुढच्या बाबी त्यात आहेत का ते स्वतः तपासा :

- काळ्या मातीतला पाया. आपल्याकडची काळी माती पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात भेगाळते. पाया किती खोल न्यायचा, मुरूम किती ब्रास भरायचा, हे चाचणी खड्डा घेतल्याशिवाय कळत नाही. प्रकल्प अहवालात मात्र बहुधा ठरावीक खोली टाकलेली असते. खर्चाला पहिली गळती लागते ती इथे.
- वीज. थ्री फेज जोडणी, वाढीव भार, जवळचे रोहित्र किती अंतरावर आहे, मधले खांब आणि तार कुणाच्या खर्चाने. शेतीच्या वाहिनीवर ठरावीक तासच वीज मिळते. त्यावर प्रक्रिया यंत्राचे गणित बसवू नका. जागा निश्चित करण्याआधीच महावितरणकडून लेखी अंदाज घ्या.
- पोचरस्ता. भरलेला ट्रक जुलैत दारापर्यंत येईल का? येणार नसेल तर रस्त्याचा खर्च हा प्रकल्पाचाच खर्च आहे.
- जागेची कागदपत्रे. मोजणी, फेरफार, भाडेकरार असेल तर त्याची नोंदणी, अकृषिक वापराबाबत तहसीलकडून स्पष्टता, नकाशा मंजुरी.
- कर आणि उपकर. कोटेशनमधला दर जीएसटीसह की वगळून, हे लेखी घ्या. २२ सप्टेंबर २०२५ पासून सिमेंटवरचा जीएसटी २८ वरून १८ टक्के झाला आहे. त्याआधीच्या दराने केलेले अंदाजपत्रक कुणी पुढे केले तर नवे मागा. बांधकाम कामगार कल्याण उपकर लागू होतो का तेही विचारा.
- पाणी. एप्रिल-मे मध्ये काँक्रीटवर पाणी मारायला टँकर लागला तर त्याचे पैसे.
- आतले सामान. पोती जमिनीला टेकू नयेत म्हणून लाकडी फळ्या, वजनकाटा, अग्निशामक, विमा.
- पहिल्या हंगामाचे खेळते भांडवल. गोदाम तयार झाले आणि माल विकत घ्यायला पैसा उरला नाही, तर ते गोदाम वर्षभर रिकामे राहते.

यानंतर राखीव रक्कम धरा. काळ्या जमिनीवरच्या बांधकामात १० टक्के धरावेत असे माझे मत आहे. म्हणजे आपल्या उदाहरणात २ लाख ४० हजार. ही रक्कम वेगळी दाखवा आणि संचालक मंडळाच्या ठरावाशिवाय तिला हात लावायचा नाही असा नियम करा. राखीव रक्कम अंदाजपत्रकात मिसळून टाकली की ती पहिल्याच महिन्यात दिसेनाशी होते.

अनुदान शेवटी येते, व्याज आधी सुरू होते

सर्वांत जास्त गैरसमज इथे आहेत. बहुतेक योजनांत अनुदान काम झाल्यावर, तपासणी होऊन मिळते. राज्य शासनाच्या 'स्मार्ट' प्रकल्पात पात्र खर्चाच्या ६० टक्क्यांपर्यंत साहाय्य असते. सूक्ष्म अन्नप्रक्रिया उद्योग योजनेत वैयक्तिक उद्योगाला ३५ टक्के, कमाल १० लाख रुपये अनुदान आहे आणि ते कर्जाशी जोडलेले आहे. कृषी पायाभूत सुविधा निधीतून अनुदान मिळत नाही. २ कोटींपर्यंतच्या कर्जावर जास्तीत जास्त ७ वर्षे ३ टक्के व्याज सवलत मिळते. योजनांच्या मुदती आणि अटी बदलत राहतात, म्हणून अर्जाआधी तालुका कृषी अधिकारी कार्यालयात चालू मार्गदर्शक सूचनांची प्रत मागून घ्या. सल्लागाराच्या तोंडी माहितीवर थांबू नका.

आता हिशेब करा. २४ लाखांचे ६० टक्के म्हणजे १४ लाख ४० हजार रुपये अनुदान आठ महिने उशिरा आले आणि तोवर ही रक्कम ११ टक्के व्याजाने उचलली, तर व्याजच १ लाख ५ हजारांच्या वर जाते. हा आकडा किती प्रकल्प अहवालांत असतो? तुमच्या अहवालात नसेल तर आजच लिहा.

अनुदान नाकारले जाण्याची नेहमीची कारणे अशी :

- पूर्वसंमतीच्या तारखेआधीचे बिल. घाईने यंत्राची उचल आधी दिली आणि पूर्वसंमती नंतर आली, तर ती खरेदी अपात्र ठरू शकते.
- रोखीने दिलेले पैसे. प्रत्येक रक्कम संस्थेच्या खात्यातून, धनादेशाने किंवा ऑनलाइन द्या.
- मंजूर आराखडा एक आणि जागेवर बांधकाम दुसरे. खोली दोन फूट मोठी केली तरी आधी लेखी कळवा.
- जिओ टॅग केलेल्या छायाचित्रांचा अभाव. काम सुरू होण्याआधीच्या मोकळ्या जागेचा फोटो बहुतेक जण विसरतात आणि तो नंतर मिळवता येत नाही.

काम कसे द्याल : तीन मार्ग

पहिला, "विथ मटेरियल" पूर्ण गुत्ता. संस्थेला धावपळ कमी, पण सिमेंट-सळईच्या दर्जावर डोळ्यात तेल घालून लक्ष ठेवावे लागते. ज्या संस्थेकडे रोज जागेवर उभे राहणारा माणूस नाही तिने हा मार्ग घ्यावा, मात्र देखरेखीसाठी स्वतःचा अभियंता नेमावा आणि त्याची फी संस्थेनेच द्यावी. गुत्तेदाराकडून मानधन घेणारा अभियंता तुमच्या बाजूने मोजमाप करील ही अपेक्षा ठेवू नका.

दुसरा, "लेबर रेट" : साहित्य संस्थेचे, मजुरी गुत्त्याने. पैसे वाचतात, पण साठा नोंदवही चोख हवी. किती पोती सिमेंट आले, किती लागले, किती उरले, हे रोज लिहिले नाही तर वाचलेले पैसे साहित्यात जातात.

तिसरा, बाबनिहाय दर : खोदकाम घनमीटरला इतके, बांधकाम इतके, काँक्रीट इतके, आणि प्रत्यक्ष मोजमापाप्रमाणे बिल. पायाची खोली आधी नक्की सांगता येत नसेल तेव्हा हाच मार्ग न्याय्य. मी तर सुचवीन की पाया बाबनिहाय दराने द्या आणि जोत्याच्या वरचे काम पूर्ण गुत्त्याने. दोन्ही बाजूंचा वाद त्याने पुष्कळ कमी होतो.

करारात या गोष्टी हव्यातच

करार किमान ५०० रुपयांच्या मुद्रांकावर होतो. रक्कम मोठी असेल तर किती मुद्रांक लागेल ते दुय्यम निबंधक कार्यालयात विचारा. ओळखीचा माणूस असला तरी करार कराच, कारण ओळख टिकवण्यासाठीसुद्धा कागद लागतो.

- पैसे टप्प्यावर, तारखेवर नाही. "दर महिन्याला दोन लाख" असे कधीही लिहू नका.
- उचल १० टक्क्यांपेक्षा जास्त नको आणि ती पुढच्या बिलांतून वळती व्हावी.
- प्रत्येक बिलातून १० टक्के राखून ठेवा. त्यातले निम्मे काम पूर्ण झाल्यावर द्या, निम्मे एक पावसाळा गेल्यावर. पत्रे गळतात की नाही ते पावसाशिवाय कळत नाही.
- सळई-सिमेंटचे दर किती महिने पक्के, आणि त्यानंतर फरक कोणत्या बिलाच्या आधारे.
- उशीर झाला तर आठवड्याला किती कपात आणि कमाल किती. संस्थेने पैसे थकवले तर मुदत किती वाढेल, तेही लिहा. करार एकतर्फी असेल तर चांगला गुत्तेदार टिकत नाही.
- मजुरांचा अपघात विमा कुणी काढायचा.
- गुत्तेदाराच्या बिलातून आयकराची कपात : व्यक्ती असेल तर १ टक्का, फर्म किंवा कंपनी असेल तर २ टक्के. मर्यादेच्या वर रक्कम गेल्यावर ही कपात करून भरणे संस्थेची जबाबदारी आहे. विसरलात तर व्याज संस्थेला बसते.

संचालकाचा नातेवाईकच गुत्तेदार असेल तर? सरसकट बंदी नाही, पण त्या संचालकाने आपला हितसंबंध लेखी जाहीर करावा, त्या ठरावाच्या चर्चेत आणि मतदानात भाग घेऊ नये, आणि तीन कोटेशन सर्वांसमोर उघडावीत. हे केले नाही तर दर कितीही रास्त असला तरी गावात संशय उरतो.

वेळापत्रक पिकाकडे पाहून लावा

सल्लागाराच्या तक्त्यात सहा महिने म्हणजे कोणतेही सहा महिने असतात. आपल्याकडे तसे नसते. सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये सोयाबीनच्या काढणीला मजूर लागतात, पुढे कापूस वेचणी, ऊसतोडीला जाणारी कुटुंबे दसरा-दिवाळीनंतर बाहेर पडतात, लग्नसराईत मिस्त्री मिळत नाहीत, जूनमध्ये पेरणी. काळ्या रानात पाया खोदायचा तर पावसाचे पाणी पुरते ओसरलेले हवे. सभासदांच्या हातात पैसा असतो तो सोयाबीन विकल्यावर.

म्हणून आपल्या उदाहरणातले काम १ डिसेंबरला सुरू करून मे अखेर संपवायचे, असे धरा. पाया डिसेंबर-जानेवारीत, भिंती फेब्रुवारीपर्यंत म्हणजे पाण्याची टंचाई सुरू होण्याआधी, सांगाडा आणि पत्रे वळवाच्या वादळांपूर्वी. अर्धवट बसवलेले पत्रे मेच्या वाऱ्यात उडतात. भागभांडवलाचा हप्ता दिवाळीनंतर लगेच गोळा करा. मार्चमध्ये मागाल तर मिळणार नाही.

तीन रकान्यांची वही

या लेखातला हा सर्वांत महत्त्वाचा भाग आहे, तेव्हा इथे थोडे थांबून वाचा.

काम आणि यंत्र यांचे सहा तुकडे करा आणि प्रत्येकाची मंजूर किंमत लिहा :

- पाया आणि जोते : ५ लाख ६० हजार
- कॉलम आणि भिंती : ४ लाख
- लोखंडी सांगाडा : २ लाख ४० हजार
- पत्रे : ३ लाख
- फरशी, दारे, वीज : ३ लाख
- यंत्र आणि बसवणी : ६ लाख

बेरीज २४ लाख. आता दर पंधरवड्याला वहीत तीनच आकडे लिहायचे. आजपर्यंत किती रुपयांचे काम व्हायला हवे होते. प्रत्यक्ष किती रुपयांचे काम पूर्ण होऊन मोजले गेले. त्यासाठी किती रुपये खर्च झाले. यात दुसरा आकडा अंदाजपत्रकातल्या किमतीने लिहायचा आणि तिसरा खऱ्या बिलांवरून.

समजा तीन महिने झाले. ठरल्याप्रमाणे पाया, भिंती आणि सांगाडा व्हायला हवा होता, म्हणजे १२ लाखांचे काम. खात्यातून गेले आहेत १२ लाखच. बैठकीत खजिनदार सांगतात, "खर्च अगदी ठरल्याप्रमाणे आहे," आणि सगळे निश्चिंत होतात. पण जागेवर पाया आणि भिंतीच झाल्या आहेत, म्हणजे ९ लाख ६० हजारांचे काम. खर्च केलेल्या प्रत्येक रुपयामागे ८० पैशांचे काम मिळाले आहे. उरलेले काम याच गतीने चालले तर २४ लाखांचे काम ३० लाखांना पडेल. वेळेचेही तसेच : बारा लाखांच्या जागी नऊ लाख साठ हजारांचे काम झाले, तर सहा महिन्यांचे काम साडेसात महिने घेईल. मे अखेरऐवजी जुलैचा मध्य येईल. भर पावसात तुमचे गोदाम उघडे असेल.

हे तुम्हाला तिसऱ्या महिन्यात कळले तर हातात तीन महिने आहेत. पैसे संपल्यावर कळले तर काहीच उरत नाही.

ही वही खोटी पडू नये म्हणून दोन पथ्ये पाळा. पहिले, "ऐंशी टक्के झाले" हे उत्तर मान्य करू नका. तुकडा पूर्ण होऊन अभियंत्याने मोजला तर पूर्ण किंमत, नाहीतर शून्य. मोठा तुकडा वाटत असेल तर त्याचे आणखी तुकडे करा. दुसरे, यंत्रासाठी दिलेली उचल आणि जागेवर पडून असलेले साहित्य वेगळे लिहा. वरच्या उदाहरणात १२ लाखांपैकी दीड लाख यंत्राची उचल असेल, तर झालेल्या कामाचा खरा खर्च साडेदहा लाख आहे आणि शेवटचा अंदाज ३० लाखांऐवजी २६ लाख २५ हजारांवर येतो. उगाच घाबरून काम थांबवण्याची वेळ येत नाही.

झाकल्या जाणाऱ्या कामाचे मोजमाप झाकण्याआधीच घ्या. पायातली सळई काँक्रीट ओतल्यावर दिसत नाही. टेप लावून फोटो, तारीख, अभियंत्याची सही, मगच ओतणे. सरकारी कामात यासाठी मोजमाप पुस्तिका असते. तुमच्या संस्थेला शंभर पानी वहीसुद्धा चालेल, फक्त पानांना क्रमांक हवेत.

हिशेबाच्या बाबतीत उमरीला मोठा वारसा आहे. हैदराबाद मुक्तिसंग्रामात ३० जानेवारी १९४८ रोजी स्वातंत्र्यसैनिकांनी इथली बँक लुटली. त्या पैशाचा पै-पैचा हिशेब ठेवला गेला, असे या भागात आजही अभिमानाने सांगतात. भूमिगत चळवळीला जे साधले ते नोंदणीकृत कंपनीला न साधण्याचे कारण नाही.

बदल तोंडी नको

"साहेब, शटर थोडे मोठे करू, फार फरक पडत नाही." असे पाच बदल झाले की लाखभर रुपये वाढतात आणि नंतर कुणी सांगितले होते ते कुणालाच आठवत नाही. प्रत्येक बदलासाठी एका पानावर चार ओळी : बदल काय, का, किती रुपये वाढणार किंवा कमी होणार, किती दिवस लागणार. खाली एकाच जबाबदार व्यक्तीची आणि गुत्तेदाराची सही. जागेवर हुकूम देणारा माणूस एकच असावा आणि त्याचे नाव ठरावात असावे. बाकी संचालकांनी सूचना त्यालाच सांगाव्यात. आठवड्यातून एकदा जागेवर अर्ध्या तासाची बैठक पुरते.

यंत्राबाबत थोडक्यात

शेड तयार होण्याआधी यंत्र मागवू नका. ते ताडपत्रीखाली पडून राहते आणि वॉरंटीचे महिने सरतात. यंत्राची अश्वशक्ती आणि मंजूर वीजभार जुळतो का ते आधी पाहा. शेवटचे १० टक्के पैसे आपल्या मालावर, आपल्या जागेवर चाचणी झाल्यावर. सुटे भाग नांदेडात मिळतात की गुजरातेतून मागवावे लागतात, हे खरेदीआधी विचारा. ऐन हंगामात आठवडाभर बंद पडलेले यंत्र स्वस्तात घेतल्याचा फायदा संपवते.

खर्च वाढलाच असेल तर

1. नवे काम सुरू करू नका. झालेल्या कामाचे अभियंत्याकडून मोजमाप करून घ्या आणि वरच्या तीन आकड्यांवरून शेवटचा खर्च काढा.
2. वाढीचे कारण वेगळे करा : दर वाढले, काम वाढले, की साहित्य वाया गेले. प्रत्येकाचा उपाय वेगळा असतो.
3. गोदाम आधी पूर्ण करून यंत्र पुढच्या वर्षी घेता येते का पाहा. टप्पे पाडायचे तर मंजुरी देणाऱ्या कार्यालयाची लेखी संमती आधी घ्या.
4. बँकेला स्वतःहून सांगा. हप्ता थकण्याआधी परतफेडीची मुदत बदलून मागणे सोपे असते.
5. विशेष सभा बोलावून सभासदांना खरा आकडा सांगा आणि वाढीव भागभांडवलाचा प्रस्ताव ठेवा.

एक गोष्ट मात्र कोणत्याही परिस्थितीत करू नका. सभासदांकडून घेतलेल्या सोयाबीन-तुरीचे पैसे बांधकामात घालू नका. पंधरा दिवसांसाठी म्हणून उचललेली ती रक्कम परत येत नाही, शेतकऱ्याची बियाणे-खताची वेळ चुकते आणि पुढच्या हंगामात तो माल संस्थेकडे न आणता थेट आडतीवर नेतो. इमारत उभी राहूनही कंपनी बंद पडते ती अशाने.

यंत्र किंवा साहित्य देणारा पुरवठादार उद्यम नोंदणीकृत सूक्ष्म किंवा लघु उद्योग असेल, तर त्याचे पैसेही लांबवता येत नाहीत. लेखी करार असेल तरी जास्तीत जास्त ४५ दिवस, करार नसेल तर १५ दिवस. त्यानंतर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दराने, मासिक चक्रवाढ व्याज मागण्याचा हक्क त्याला २००६ च्या कायद्याने दिला आहे. उलट तुम्ही स्वतः असे पुरवठादार असाल आणि कुणी तुमचे पैसे अडवले असतील, तर ऑनलाइन तक्रार करता येते.

सभासद म्हणून तुमचे हक्क

- शेतकरी उत्पादक कंपनीत संचालक मंडळाची बैठक तीन महिन्यांतून किमान एकदा व्हायलाच हवी. वार्षिक सभेची नोटीस किमान १४ दिवस आधी मिळाली पाहिजे आणि सभेला एक चतुर्थांश सभासद हजर असल्याशिवाय गणपूर्ती होत नाही. एक तृतीयांश सभासदांनी विषय लिहून, सही करून मागणी केली तर मंडळाला विशेष सभा बोलवावी लागते. वैयक्तिक सभासदांच्या कंपनीत भाग कितीही असोत, मत एकच.
- सहकारी संस्थेत महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० च्या कलम ३२ प्रमाणे सभासदाला ठरावीक कागदपत्रे आणि स्वतःच्या व्यवहाराच्या नोंदी विनाशुल्क पाहता येतात. गंभीर संशय असेल तर कलम ८३ खाली चौकशीची मागणी करता येते.
- ग्रामपंचायत, नगर परिषद किंवा शासकीय कामाबाबत माहितीचा अधिकार वापरा. अर्जाचे शुल्क १० रुपये, दारिद्र्यरेषेखालील अर्जदाराला माफ. महाराष्ट्रात एका अर्जात एकच विषय आणि १५० शब्दांची मर्यादा आहे. उत्तर ३० दिवसांत मिळायला हवे. न मिळाल्यास पुढच्या ३० दिवसांत पहिले अपील. अंदाजपत्रक, कार्यारंभ आदेश, मोजमाप पुस्तिकेची पाने आणि मुदतवाढीचे आदेश, एवढेच मागा. याच कायद्याने कामाची पाहणी करण्याचा आणि साहित्याचा प्रमाणित नमुना घेण्याचाही हक्क दिला आहे. तो फार कमी लोक वापरतात.

माहिती अधिकार सहकारी संस्थेला सरसकट लागू होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये स्पष्ट केले आहे. तिथे कलम ३२ चा अर्ज संस्थेच्या सचिवाकडे द्या, पोच घ्या, आणि निबंधक कार्यालयाकडे असलेली माहिती हवी असेल तर ती त्या कार्यालयाकडून मागा.

तुमचे काम आत्ता निम्म्यावर असेल तर पुढच्या बैठकीची वाट पाहू नका. या आठवड्यात अभियंत्याला जागेवर न्या, झालेल्या कामाचे मोजमाप घ्या, तीन आकडे काढा आणि ते संचालक मंडळाच्या इतिवृत्तात नोंदवून घ्या. गुत्तेदाराचे पुढचे बिल त्यानंतरच मंजूर करा.